पाणक्याचा थांबा

माझ्या भावानं आयुष्यात एकही शर्यत जिंकली नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे तुम्ही शेवटपर्यंत आशेवर बसायला नको. ऐन उमेदीची सगळी वर्षं तो सायकलवर पोट भरत होता, इटली बघून आला, स्पेन बघून आला, पण चुकूनसुद्धा कधी पहिला आला नाही. "हरायचा पगार घेणारा आपल्या गावात तू एकटाच," असं मी त्याला तोंडावर म्हणायचे. तर हसायचा मेला.

मी सोराइदा तोबो. सुताबीताच्या चौकात, चर्चच्या अगदी समोर, माझं खायचं दुकान आहे. मक्याच्या जाड भाकऱ्या, त्यात चीज, गुळाचं गरम पाणी, रविवारी मटणाचं सूप. बारा महिने थंडी असते आमच्याकडे, त्यामुळे गुळाच्या पाण्याचं पातेलं चुलीवरून कधी खाली उतरत नाही. एवेलियो माझा धाकटा भाऊ. मधली दोन जगली नाहीत, म्हणून आमच्यात अंतर जरा जास्त. त्याला कडेवर घेऊन फिरवलंय मी. तेव्हा त्याला शिव्या द्यायचा हक्क माझा आहे, बाकी कोणी दिल्या तर मात्र मी ऐकून घेत नाही.

आमचं बटाट्याचं शेत आणि चार गाई वर, वाऱ्याच्या घाटात. दूध जमा करायचा ओटा खाली, पुलापलीकडच्या पहिल्या वळणावर. बाबांच्या लोखंडी सायकलला दोन्ही बाजूंना कॅन बांधायचे, भरलेले घेऊन उतरायचं आणि रिकामे घेऊन परत चढायचं. हे काम एवेलियोच्या वाट्याला आलं, कारण मी सायकलवरून पडून दात पाडून घेतला होता. तो घाट असा आहे की गाढवसुद्धा मध्ये उभं राहून विचार करतं. एवेलियो मात्र रबरी बूट घालून, अंगावर रुआना, म्हणजे आमची लोकरीची घोंगडी घेऊन, शिट्टी वाजवत चढायचा.

कार्मेनच्या देवीच्या जत्रेत पहिल्यांदा शर्यतीत उतरला तो त्याच बुटांत. तिसरा आला, मेंढी मिळाली. मग दुइतामाच्या क्लबनं उचलला, मग राजधानीच्या, बोगोताच्या संघानं, आणि एक दिवस इटलीच्या कुठल्याशा लहानशा संघाचं बोलावणं आलं. गावानं बँड लावून निरोप दिला. सगळ्यांना वाटलं, आता हा पहिल्या नंबराची पिवळी जर्सी घालूनच परत येणार.

तिकडे गेल्यावर त्याला काम मिळालं पाणी वाहायचं. थट्टा नाही करत, तसंच काम असतं ते. प्रत्येक संघात एक कप्तान असतो, जिंकायचं त्यानं. बाकीच्यांनी त्याच्यासाठी मरायचं. मागे संघाच्या मोटारीपर्यंत जायचं, जर्सीत पाठीवर, पोटावर बाटल्या कोंबायच्या, पुन्हा जोर मारून घोळक्यातून पुढे यायचं आणि त्या वाटायच्या. कप्तानापुढे राहून वारा आपल्या छातीवर घ्यायचा. कप्तानाचं चाक फुटलं तर आपलं काढून द्यायचं आणि रस्त्याच्या कडेला उभं राहायचं. शेवटचा घाट येईपर्यंत अशा माणसात काही उरतच नाही, आणि टीव्हीचा कॅमेरा नेमका तेव्हाच जागा होतो.

आईला हे कधी समजलं नाही. आमची आई कुस्तोदिया, तेव्हाच सत्तरीला टेकलेली. तिकडची शर्यत इथे सकाळी दिसायची. ती अंघोळ करून, ठेवणीतली टोपी घालून, हातात जपमाळ घेऊन टीव्हीसमोर बसायची.

"एवेलियो कुठाय?"

"मागे आहे, आई."

"मागे का? बरं नाहीये का त्याला?"

"अगं, बरा आहे. त्याचं काम झालं."

"मग त्याचं काम का नाही दाखवत?"

घोळका दिसला की ती उठून पडद्याला नाक लावायची आणि हेल्मेट मोजत बसायची. दुसऱ्याच कोणाला तरी एवेलियो समजून आशीर्वाद द्यायची. किती परक्या पोरांना फुकटचे आशीर्वाद मिळाले असतील, देव जाणे.

गावात त्याचं नाव पाणक्या पडलं. ठेवलं आरिस्तिदेस खाटकानं. हा आमच्या दुकानाला लागूनच बसतो, बाबांचा दोस्त, बाबा गेले तेव्हा शवपेटीला पहिला खांदा त्याचा. मनानं वाईट नाही, पण जिभेला हाड नाही. सकाळी शटर वर करता करता सुरू.

"काय सोराइदा, आपल्या पाणक्यानं काल किती बाटल्या वाहिल्या?"

"तुम्ही वजन वाढवायला मांसात जेवढं पाणी भरता ना काका, त्यापेक्षा कमीच."

"अगं, रागावतेस काय! मी आपलं कौतुकानं विचारतो."

कौतुकानं! पण एक सांगते. एवेलियोची शर्यत असली की रेडिओ कानाला लावून बसणारा पहिला माणूस तोच असायचा, आणि निकालात एवेलियोचं नाव कुठेतरी खाली ऐकलं की मांस तोडताना सुरा जरा जोरातच आपटायचा.

पस्तिशी उलटली तसा एवेलियो परत आला आणि इथल्याच एका संघात लागला. पाणीच वाहायचं, फक्त इथे बाटली घेताना लोक त्याला स्पॅनिशमध्ये शिव्या द्यायचे. गुडघा दुखायचा. यंदाचं वर्ष शेवटचं, हे त्यानं आम्हाला सांगून ठेवलं होतं. आणि त्याच वर्षी देशाच्या मोठ्या शर्यतीचा मार्ग जाहीर झाला. त्यातला एका दिवसाचा टप्पा सुताबीतातून जाणार होता. आमच्या चौकातून, माझ्या दुकानासमोरून, पूल ओलांडून सरळ वाऱ्याच्या घाटात, आणि संपणार घाटमाथ्यावर.

गाव पिसाळलं. दुसरा शब्द नाही. भिंती रंगवल्या, रस्त्यावर चुन्यानं एवेलियोचं नाव लिहिलं, पाद्रीबाबांनी त्या दिवशीची प्रार्थना अलीकडे आणली, नगरपालिकेनं जेवणावळ जाहीर केली. त्या घाटातला खड्डा न् खड्डा एवेलियोच्या पायाखालचा. लोक म्हणायला लागले, आता नाही तर कधी? मी पण म्हणत होते, उगाच खोटं कशाला बोलू.

टप्प्याच्या आदल्या संध्याकाळी मी डबा घेऊन दुइतामाला त्याच्या हॉटेलात गेले. पलंगावर पाय भिंतीला लावून पडला होता. असा वाळलेला, की गालात चमचा राहील.

"ताई, आईला तुझ्या दुकानाच्या पायरीवर उभी कर," तो म्हणाला. "दिव्याच्या खांबाजवळ. मी थांबणार आहे."

"थांबणार म्हणजे?"

"शर्यत कोणाच्या गावातून गेली, की घोळका त्याला पुढे सोडतो. घरच्यांना भेटायचं, मुका घ्यायचा, आणि घोळका आला की पुन्हा आत शिरायचं. केवेदोला विचारलंय मी. त्यानं हो म्हटलंय."

केवेदो म्हणजे रामिरो केवेदो, दुसऱ्या संघाचा कप्तान. पिवळी जर्सी त्याच्या अंगावर होती, आणि ती ज्याच्या अंगावर, त्याचा शब्द घोळक्यात चालतो.

"म्हणजे तू घाटाच्या पायथ्याशी सगळ्यांच्या पुढे एकटा असणार," मी म्हटलं.

"हो."

"आणि थांबणार."

"हो."

"एवेलियो, नको थांबूस. आई काय, परवा पण मुका देईल."

मी डब्याचं झाकण काढलं, त्यानं एक बटाटा उचलला, कडेला ठेवला.

"तेवढ्यासाठीच सोडतात, ताई. त्याचा फायदा घेऊन पळायचं नसतं. शब्द दिलाय मी."

"शब्दाचं काय लोणचं घालायचंय? एवढी वर्षं लोकांना पाणी पाजलंस, कोणी तुला एक शर्यत दिली?"

"नाही दिली. पण उतारावर, ऐंशीच्या वेगात, पुढच्या माणसाच्या चाकाला चाक लावून जातो ना आम्ही, तेव्हा तो एकदम ब्रेक मारणार नाही एवढ्याच भरवशावर जातो. त्या घोळक्यात माझी तेवढीच ओळख आहे. एवेलियो तोबो बोलला म्हणजे बोलला. पाय तर माझ्याकडे कधी नव्हतेच."

"तुला एकदा तरी जिंकावंसं वाटत नाही का रे?"

"रोज वाटतं," तो म्हणाला.

मग त्यानं तो बटाटा खाल्ला. मी बसनं परत आले, आणि वाटभर रडत आले.

दुसऱ्या दिवशी चौकात पाय ठेवायला जागा नव्हती. शेजारच्या गावांतून ट्रक भरभरून माणसं आली होती. सकाळपासून बिअर चालू. एवेलियो थांबणार हे सगळ्यांना ठाऊक होतं बरं का, मी स्वतः सांगितलं होतं. चर्चची घंटा वाजवणाऱ्याला सांगितलं, आरिस्तिदेसकाकांना सांगितलं. काकांनी तर पायरीसमोरची गर्दी हातानं मागे सारून जागा केली होती. "इथं मोकळं ठेवा, इथं पोरगा थांबणार आहे." आई ठेवणीतली टोपी घालून खांबाला धरून उभी. हातात पेरूची वडी, पानात गुंडाळलेली. लहानपणी घाट चढायच्या आधी ती त्याच्या खिशात घालायची तशी.

आणि मग तो रेडिओ. प्रत्येकाच्या कानाशी एकेक, आणि चौकात भोंग्यावर एक. कॉमेंट्रीवाला तिकडे मोटारसायकलवर बसून बोंबलत होता, त्याला बिचाऱ्याला कोणी काही सांगितलं नव्हतं. एवेलियो घोळक्यातून पुढे निघाला तसा तो किंचाळायला लागला. "तोबोनं हल्ला केला! सुताबीताचा तोबो, एकटा, आपल्या गावाच्या दिशेनं! आणि मागे कोणी हलत नाही! केवेदोनं हँडलवरून हात काढले! घोळका झोपला, मंडळी, घोळका झोपला!"

घोळका झोपला नव्हता. केवेदोनं मुद्दाम सगळ्यांना सावकाश घेतलं होतं, म्हातारीला नीट भेटता यावं म्हणून. पण ते कोण ऐकतंय! चौकात एकदम वारं शिरलं. "एक मिनिटाची आघाडी!" कोणीतरी ओरडलं. "दीड!" मी ओरडून सांगतेय, "अरे, तो थांबणार आहे, तो थांबणार आहे!" माझा आवाज मलाच ऐकू येईना.

वळणावरून एवेलियो आला.

आमच्या लोकांची एक खोड आहे. चढावर एकटा सायकलवाला पुढे दिसला, की त्यांचे हात शिवशिवतात. ढकलल्याशिवाय राहवतच नाही. दोघं-तिघं बाजूनं पळतात, पाठीला हात लावतात आणि देतात लोटून. दंड सायकलवाल्याला होतो, पण यांना वाटतं आपण पुण्य केलं. त्या दिवशी तर स्वतःच्या गावचा पोरगा होता, तोही सगळ्यांच्या पुढे. गर्दी दोन्ही बाजूंनी मिटली. मी त्याला बघत होते. त्याच्या दोन्ही हातांची बोटं ब्रेकवर होती. चाक कर्कश ओरडत होतं. "सोडा!" तो म्हणत होता, "आई! अरे, सोडा ना!" आणि मागून पन्नास हात. सगळ्यांत पुढे आरिस्तिदेसकाका, ज्यांनी जागा करून ठेवली होती तेच, सायकलच्या सीटला धरून पळत होते. ऍप्रन लावलेला, तोंड लालबुंद. "जा पोरा! जा! थांबू नकोस! जा!"

आईनं हात पुढे केला होता. तिच्या आणि त्याच्या मध्ये माणसं आली. एवेलियो मान मागे वळवून बघत होता, आणि त्याला चौकातून उचलल्यासारखं नेऊन पुलापलीकडे सोडलं. आईचा हात तसाच पुढे राहिला.

"गेला का?" तिनं मला विचारलं.

"गेला," मी म्हटलं. आणि काय सांगू तुम्हाला, माझ्या अंगावर काटा आला होता. आनंदानं! मला वाटलं, देवानंच ढकललं. त्यानं शब्द मोडला नाही, लोकांनी मोडायला लावला. आता कोण त्याला दोष देणार? भोंगा ओरडत होता, "तोबो थांबला नाही! दोन मिनिटं! तोबो वाऱ्याच्या घाटात एकटा!" लोक एकमेकांना मिठ्या मारत होते. काकांनी मला उचलून गरकन फिरवलं.

पुलापलीकडे काय झालं, ते मला पुढे एवेलियोनंच सांगितलं. कानातल्या रेडिओत त्याचा मॅनेजर बेंबीच्या देठापासून ओरडत होता, "जा, मागे बघू नकोस, जिंकलास तर पुढचं वर्ष पक्कं, माझा शब्द." त्यानंही शब्दच दिला बघा.

"मी पुलापासून ओट्यापर्यंत गेलो, ताई," एवेलियो म्हणाला. "पाय इतके हलके कधीच नव्हते. गुडघा दुखत नव्हता. तेवढा वेळ मी जिंकत होतो. खरंच जिंकत होतो गं."

पहिल्या वळणावर, दूध जमा करायच्या ओट्याशी, त्यानं कानातली वायर उपटली आणि तो सायकलवरून उतरला. उलट्या दिशेनं सायकल चालवली तर शर्यतीतून काढतात, म्हणून सायकल हातात धरून चालत निघाला. शर्यतीच्या बुटांच्या तळाला कडक पट्टी असते, चालताना टकटक वाजतं, आणि उतारावर तर धड चालताही येत नाही.

पुलावर त्याला घोळका भेटला. समोरून सगळे येतायत आणि हा कडेनं उलटा चालतोय. केवेदोनं त्याच्याकडे बघितलं, मग मागे वळून सगळ्यांना हात केला, की हळू, येऊ दे याला. एवेलियोनंच मान हलवली. तुम्ही व्हा पुढे. तो आईला भेटला नव्हता ना अजून.

इकडे भोंगा गप्प झाला. मग हळूच म्हणाला, "मंडळी, काहीतरी गडबड आहे. तोबो चालतोय. तोबो खाली चालत येतोय." चौकात अशी शांतता, की त्याच्या बुटांची टकटक आम्हाला तो दिसायच्या आधी ऐकू आली. संघांच्या मोटारी हॉर्न वाजवत त्याच्या बाजूनं वर चालल्या होत्या. त्याचा मॅनेजर खिडकीतून हात बाहेर काढून काहीतरी म्हणाला, ते मी इथे सांगत नाही.

एवेलियोनं सायकल खांबाला टेकवली आणि आईचा मुका घेतला. दोन्ही गालांचा. घामानं तिची टोपी भिजली.

"किती वाळलास रे," ती म्हणाली. मग वडी त्याच्या तोंडात कोंबली आणि त्याच्या पाठीत एक धपका घातला. "आता पळ! ते सगळे गेले पुढे!"

तो हसला, तोंडात वडी, आणि निघाला. आता त्याला कोणी ढकललं नाही. लोक बाजूला झाले आणि नुसते बघत राहिले. मागून कोणीतरी म्हणालं, "भित्रा." मग आरिस्तिदेसकाका बोलले, सगळ्या चौकाला ऐकू जाईल असं.

"मुका घ्यायला परत आला! अरे, आई कुठे पळून जाणार होती?"

लोक हसले. आणि मला, त्याच्या सख्ख्या बहिणीला, वाटलं की काका बरोबर बोलले. मी दुकानाचं दार आपटून आत गेले.

टप्पा कोणी जिंकला ते आता कोणाला आठवतसुद्धा नाही. एवेलियो शेवटून पहिला आला, मागे पडलेल्यांना गोळा करणारी झाडू लावलेली गाडी पाठीशी घेऊन. जेवणावळ झाली, पण त्याला कोणी बोलावलं नाही. रस्त्यावरचं त्याचं नाव कोणीतरी बादली ओतून धुऊन टाकलं. चुनाच तो, पावसात गेलाच असता, पण पाऊस येईपर्यंत यांना दम नव्हता.

त्या रात्री टीव्हीवर घाटातल्या वळणावरून चालत उतरणारा सायकलवाला पुनःपुन्हा दाखवत होते. इतकी वर्षं कॅमेरा त्याच्यावर आला नाही, आणि आला तो असा. आई पडद्याला नाक लावून बघत होती.

"हा कोण गं?"

"एवेलियो आहे, आई."

"आणि ही टोपीवाली म्हातारी?"

"ती तू."

"बाई गं! मी एवढी म्हातारी दिसते?" मग थोड्या वेळानं म्हणाली, "सगळ्यांना सोडून आलेला दिसतोय." एवढंच. पण त्या दिवसापासून दुकानात येईल त्याला ती हे सांगायची, आणि लोक चहाटळपणानं हसून पाणी प्यायचे.

मोसम संपला तसं मॅनेजरनं त्याला नारळ दिला. तो गावात येऊन राहिला, एक जुनी व्हॅन घेऊन घाटातलं दूध गोळा करायला लागला. काका त्याच्याशी बोलत नव्हते. पाणक्या म्हणून हाक मारायचंसुद्धा सोडलं, आणि ते जास्त लागत होतं. मी बोलत होते, पण कशी! "गाढवा, भाकरी खा." "गाढवा, दार लाव." तो निमूटपणे खायचा, दार लावायचा. रोज संध्याकाळी आईच्या पायाला तेल चोळायचा, शर्यतीनंतर सायकलवाल्यांचे पाय चोळतात तसं, खालून वर. डिसेंबरात केवेदोचा फोन आला. तो स्वतःचा संघ काढत होता आणि त्याला मोटारीत बसून पोरांना सांभाळणारा माणूस हवा होता. "तूच हवास," म्हणाला म्हणे, "दुसऱ्या कोणावर माझा भरवसा नाही." एवेलियो मार्चपासून जाणार होता.

फेब्रुवारीत आई गेली. आजारी वगैरे काही नाही. सकाळी टोपी घातली, टीव्ही लावायला सांगितला, आणि मी गुळाचं पाणी घेऊन येईपर्यंत संपलं होतं.

सगळा गाव आला, मरणाला येतातच. चर्चमधली प्रार्थना संपली आणि शवपेटी उचलायची वेळ झाली. पुढे उजवीकडे एवेलियो. डावीकडे आमचा एक चुलतभाऊ उभा राहत होता, तर आरिस्तिदेसकाका आले आणि त्याला न विचारताच त्यांनी खांदा दिला. एवेलियोनं त्यांच्याकडे पाहिलं. आमचं कब्रस्तान पुलापलीकडे आहे. म्हणजे रस्ता तोच, चर्चमधून चौक, चौकातून माझ्या दुकानासमोरून पुलाकडे. पाद्रीबाबा पुढे, मागे पेटी, मागे आम्ही बायका, मागे सगळं गाव.

दिव्याच्या खांबापाशी काका थांबले.

ते थांबले तशी पेटी थांबली. मागची माणसं एकमेकांवर आदळली. पाद्रीबाबांना कळलंच नाही, ते एकटेच प्रार्थना म्हणत पुढे चालत राहिले. मला वाटलं, काकांना चक्कर आली. वय झालंय, पेटी जड. मी पुढे धावले तर त्यांचं तोंड वेडंवाकडं झालेलं. एवढा दांडगा माणूस, आणि गालावरून पाणी नुसतं वाहतंय.

"थांबा," ते म्हणाले. "इथं थांबायचं होतं पोराला. मी थांबू दिलं नाही."

माझ्या कानात त्यांचंच ते वाक्य वाजत होतं, आई कुठे पळून जाणार होती. आणि त्या दिवशी मला ते पटलं होतं हेही. एवेलियो उतरून परत आला नसता तर आईचा हात तसाच पुढे राहिला असता, आणि तो मी जन्मभर बघत बसले असते.

एवेलियोनं खांद्यावरची पेटी न सोडता मान वळवली आणि लाकडाला ओठ लावले. बराच वेळ लावून ठेवले. काकांनी डोळे मिटून घेतले होते. आम्ही सगळे उभे होतो, सगळा चौक, त्या दिवशी होते तेच सगळे लोक, त्याच जागी.

मग त्यानं खांदा सारखा केला आणि म्हणाला, "चला, काका."

तोवर मागून एकानंही ढकललं नाही.